वेळांगण : शेवटच्या वितीच्या प्रकल्प नोंदी

१० ऑगस्ट २०२५

दोन वर्षं डोक्यात घोळणारी काल्पनिक वस्ती आता कागदावर आणायला घेतली. नाव ठरलं : वेळांगण. संस्कृतात 'वेला' म्हणजे किनारा, भरती आणि काळही. तिन्ही अर्थ एकाच शब्दात ठेवणाऱ्या माणसांनी पाण्याकडे बघूनच वेळ मोजली असणार, असं मला फार दिवस वाटतंय. वेळांगणात कोणी 'किती वाजले' विचारत नाही, 'पाणी कुठे आलं' विचारतात.

परवा नारळी पौर्णिमा झाली. मासेमारीबंदी ३१ जुलैलाच उठली होती, तरी आमच्या वाडीतल्या दोन होड्या नारळ वाहिल्यावरच पाण्यात गेल्या. जून-जुलै दर्या बंद, मग उघडला, असं आपण बोलतो. तोच धागा पकडला. वेळांगणचा समुद्र ३२ वर्षांतून एकदा उघडतो आणि त्याला ते 'उघाडी' म्हणतात. शब्द आपल्याच खारबंधाऱ्यावरचा आहे, त्यावर पुढे सविस्तर लिहीन.

आकाश असं : दोन चंद्र, थोरला आणि धाकटा. थोरल्याचा महिना २४ दिवसांचा, धाकट्याचा ६१ दिवसांचा, वर्ष ३६६ दिवसांचं. दोघे आणि सूर्य एका रेषेत येतात दर ७३२ दिवसांनी, म्हणजे दोन वर्षांनी एक मोठं उधाण. त्यातल्या प्रत्येक सोळाव्या खेपेला थोरला आपल्या कक्षेत सर्वांत जवळ असतो. १६ गुणिले ७३२, ११,७१२ दिवस. बरोबर ३२ वर्षं. सगळे भाग निःशेष गेले, फार बरं वाटलं.

१८ ऑगस्ट २०२५

विजयदुर्गला जाऊन आले. पाऊस होता, तटावरून खाडीचं मुख जेमतेम दिसत होतं. किल्ल्यात 'साहेबाचे ओटे' दाखवतात, १८६८ च्या खग्रास सूर्यग्रहणाशी जोडलेले. आज त्याच ग्रहणाची तारीख. या ग्रहणात सूर्याच्या कडेच्या ज्वाळांचा वर्णपट पहिल्यांदा नीट बघितला गेला. फ्रान्सचे जान्सेन त्या वेळी गुंटूरला दुर्बीण लावून होते. त्या वर्णपटातली पिवळी रेघ कोणत्याच माहीत असलेल्या मूलद्रव्याशी जुळेना. तेच हेलियम. पृथ्वीवर ते सापडायला १८९५ उजाडलं.

मला त्याहून जास्त गुंतवून ठेवतं ते या ग्रहणाचं परत येणं. २२३ चांद्रमासांनी, म्हणजे १८ वर्षं ११ दिवस आणि वर साधारण आठ तासांनी, तेच ग्रहण पुन्हा होतं. ते आठ तास पृथ्वीला एक तृतीयांश फिरवून टाकतात, म्हणून ग्रहण दुसऱ्याच देशावर पडतं. तीन खेपा झाल्या की आठाचे चोवीस होतात आणि सावली जवळजवळ आपल्याच रेखांशावर येते, मात्र थोडी उत्तरेला किंवा दक्षिणेला सरकून. विजयदुर्गचं ग्रहण दक्षिणेला सरकलं. १९२२ मध्ये ते हिंदी महासागरावरून ऑस्ट्रेलियात उतरलं आणि सूर्याजवळून येणारा ताऱ्यांचा प्रकाश वाकतो का, हे तिथे तपासलं गेलं. १९७६ ला पुन्हा तिकडेच, आणि आता २५ नोव्हेंबर २०३० ला दक्षिण आफ्रिका ते ऑस्ट्रेलिया. आमच्या किनाऱ्याला ते कायमचं सोडून गेलंय.

परत येताना एसटीत मनाशी हिशेब करत होते. माझ्या वेळांगणात असं काहीच सरकत नाही.

२८ ऑगस्ट २०२५

काल गणपती बसले. थोडक्यात लिहिते, घरात माणसं आहेत.

लहानपणी रत्नागिरीला आत्याकडे पाहिलेली गोष्ट आज आठवली. एकाच वाडीत काही घरं टिळक पंचांग मानणारी, बाकीची नेहमीचं. काही वर्षी अधिक मास दोन्हीत वेगवेगळा पडतो आणि गणपती महिन्याच्या अंतराने येतात. कारण एवढंच, की राशिचक्र मोजायला कुठून सुरुवात करायची यात सुमारे चार अंशांचा फरक. त्या वर्षी आत्याकडचे मोदक शेजारी गेले आणि महिन्याने शेजारचे आत्याकडे आले. भांडण नाही, पण दोन्हीकडची म्हातारी माणसं आपला हिशेब बोटांवर मोजून दाखवायला तयार. आम्हा मुलांना त्या बोटांवरच सूर्य आणि चंद्र यांच्या वर्षांत सुमारे ११ दिवसांची तूट असते हे कळलं, शाळेत नंतर.

वेळांगणात दोन पंचांगं हवीत. कशावरून फुटली ते सापडायचंय.

७ सप्टेंबर २०२५, रात्री उशिरा

भाद्रपद पौर्णिमा, खग्रास चंद्रग्रहण. ढग येत-जात होते. ९:५७ ला कडेला डाग लागला, तो आधी ढगाचाच वाटला. ११ नंतर चंद्र पूर्ण बुडाला, तेव्हा नेमकं आभाळ मोकळं झालं. रंग लाल म्हणतात, मला तो कोकमाच्या आगळात पाणी घातल्यासारखा वाटला, कडेला जरा मळकट.

भाची (वय दहा) अंगणात चटईवर. शेजारचे तात्या पायरीवर बसलेले. तात्या म्हणाले, "असोच एक बघितलंय मी. आठ वर्साचो होतंय. नारळी पुनव होती. आयेन भायर सोडूक नाय, गिराण आसा म्हणान. मग खिडकीतसून."

घरात येऊन लॅपटॉप उघडला. तात्या आठ वर्षांचे म्हणजे १९७१. ६ ऑगस्ट १९७१, श्रावण पौर्णिमा, खग्रास चंद्रग्रहण, मध्य मध्यरात्रीनंतर १:१३ ला. आणि ते आजच्याच मालिकेतलं निघालं! मधल्या दोन खेपा १७ ऑगस्ट १९८९ ला सकाळी साडेआठच्या पुढे आणि २८ ऑगस्ट २००७ ला दुपारी चारनंतर. दोन्ही वेळा आमचा चंद्र क्षितिजाखाली. तिसऱ्या खेपेला, ५४ वर्षं आणि महिनाभराने, तेच ग्रहण त्याच अंगणात आलं. मध्य ११:४१ ला.

बाहेर जाऊन तात्यांना सांगितलं. ते बराच वेळ वर बघत राहिले. "म्हणजे ह्याच ता?" एवढंच म्हणाले.

९ सप्टेंबर २०२५

१० ऑगस्टचं आकाश रद्द.

चूक कुठे होती ते आता स्वच्छ दिसतंय. ज्या आकाशात सगळे भाग निःशेष जातात तिथे ज्योतिषी जन्मालाच येणार नाही. एक दोरी, ११,७१२ मणी, आणि ते सरकवणारा एक पुजारी, काम संपलं. कोणाला काही विचारावंसं वाटणार नाही. आपल्याकडे १२ चांद्रमासांचे ३५४ दिवस आणि वर उरलेले ११, म्हणून अधिक मास आला, १९ वर्षांत ७ हा हिशेब बसवावा लागला, २००४ चा अधिक श्रावण २०२३ ला पुन्हा श्रावणातच आला हे कोणाला तरी ताडून बघावंसं वाटलं. हे सगळं शास्त्र बाकीतून उगवलंय. वेळांगणला बाकी द्यायलाच हवी.

थोरल्याचा महिना २४ ऐवजी २४.०००७ दिवसांचा केला. उघाडीच्या एका फेऱ्यात त्याचे ४८८ महिने. ४८८ गुणिले ०.०००७ म्हणजे ०.३४ दिवस, आठ तास आणि वर थोडी मिनिटं. आता उघाडी एकदा पहाटे, पुढची दुपारी, त्यापुढची रात्री. तीन पिढ्यांना तीन वेगळ्या उघाड्या. पहाटेचे, दुपारचे, रात्रीचे असे तीन कुळधर्म. खूप लिहून काढलं, आठ पानं झाली.

१४ सप्टेंबर २०२५

आठ पानं फाडली.

दुपारी तात्या जाळं दुरुस्त करत बसले होते, त्यांना कौतुकाने वाचून दाखवलं. दुपारची उघाडी आली तसे त्यांनी हात थांबवले. "बाय, उधाणाची सुकती दुपारी कधी बघितलंस तू?"

मी गप्प. सुकती म्हणजे ओहोटी. तिथीची पाऊणपट हा हिशेब मी लहानपणापासून ऐकत आलेय. पौर्णिमेची तिथी १५, पाऊणपट सव्वाअकरा. साधारण तेव्हा भरती, आणि तिच्या मागे-पुढे सव्वासहा तासांनी ओहोटी, म्हणजे पहाटे पाच किंवा संध्याकाळी साडेपाच. अष्टमीचे आठ, पाऊणपट सहा. सकाळी सहाला भरती, बाराला ओहोटी. पण अष्टमी भांगाची, तेव्हा पाणी धड चढत नाही आणि धड उतरतही नाही.

"उधाणाक सुकती सकाळी नायतर सांजेक. दुपारची ती भांगाची. आज अष्टमीच आसा, बघ समोर."

समोर बघितलं. साडेबारा वाजलेले, ओहोटी लागलेली, आणि पाणी तरीही खडपाच्या कंबरेला.

कारण सरळ आहे. उधाण येतं तेच मुळी चंद्र सूर्याच्या रेषेत असताना, म्हणून उधाणाच्या भरतीचं घड्याळ सूर्याच्या घड्याळाला बांधलेलं. आठ तासांनी रेषेची घटका सरकेल, पण किनाऱ्यावर मोठी ओहोटी त्याच दोन वेळांना लागणार. ग्रहणाचा नियम मी डोळे मिटून पाण्याला लावला होता.

रात्री मात्र झोप उडाली, आनंदाने. कारण दोन पंचांगं कशावरून फुटली ते इथेच सापडलं! उघाडीच्या पौर्णिमेला थोरला ग्रहणात जातो असं मी धरलंय. पाणी दर ३२ वर्षांनी ठरल्या वेळी उतरतं. पण ग्रहण आठ-आठ तास सरकतं, म्हणून वेळांगणातून ते फक्त प्रत्येक तिसऱ्या उघाडीला दिसतं, मधल्या दोन्ही वेळा थोरला क्षितिजाखाली. समुद्र ३२ वर्षं सांगतो, आभाळ ९६ वर्षं सांगतं. आभाळाचा एक फेरा बघितलेला माणूस दुसरा बघायला उरत नाही.

म्हणून आभाळकर आणि पाणकर. आभाळकर म्हणतात, ग्रहणाशिवाय आलेली उघाडी ही उघाडीच नव्हे. पाणकर म्हणतात, कातळ कोरडा झाला, आणखी काय हवं? दोघेही डोळ्यांनी बघितलेलंच सांगतायत. मला दोघांपैकी कोणालाही मूर्ख ठरवायचं नाही.

२ ऑक्टोबर २०२५

दसरा. फक्त नकाशा केला. खाडीचं मुख, दोन बाजूंना सडा म्हणजे कातळाचं पठार, उत्तरेला मिठागर, समोर पाण्याखाली सपाट खडप.

२२ ऑक्टोबर २०२५

पाडवा. काल अमावास्या होती, म्हणून संध्याकाळच्या ओहोटीला खाजणाच्या बांधावर गेले. भात कापून झालेलं, मळ्यात पेंढ्या.

उघाडी नीट बघून चित्र काढायचं होतं. बांधाच्या पोटात दगडी चौकट आणि तिला वरून टांगलेली लाकडी झडप. खाडी उतरली की मळ्यातलं पाणी झडपेला बाहेर ढकलून वाहून जातं. खाडी चढली की तिचंच पाणी झडप चौकटीवर दाबून धरतं, खारं पाणी आत येत नाही. माणसाचा हात लागत नाही. झडपेचा खालचा काठ झिजून गोल झालेला, चौकटीच्या दगडावर कालवं, आणि त्यांच्या वर एक बोटभर रुंद हिरवी रेघ, जिथे रोजचं पाणी टेकतं. त्या रेघेच्या वर दगडावर कोणीतरी छिन्नीने आडव्या खुणा केल्यात, वेगवेगळ्या उंचीवर, सात. का आणि कोणी, वाडीत कोणालाच ठाऊक नाही. मी बोटाने त्या मोजल्या तेव्हा झडप किंचित हलत होती आणि फटीतून येणारं पाणी गार होतं.

वेळांगणचं पहिलं यंत्र हेच. भात वाचवायला केलेल्या झडपेच्या चौकटीवर खुणा पडल्या, खुणांवरून तक्ता झाला. तारे नंतर आले.

घरी येऊन उघाडीला पाणी नेमकं किती उतरेल ते काढलं. भरतीची ओढ चंद्राच्या वस्तुमानावर आणि अंतराच्या घनावर ठरते. थोरल्याची ओढ १००, सूर्याची ४०, धाकट्याची ४५ धरली. नेहमीचं उधाण १४०. दोन्ही चंद्र जुळले की १८५. थोरला जवळ असेल तर त्याचे १०० चे १२० होतात, एकूण २०५. आपल्या सिंधुदुर्गासारखं अडीच मीटरचं उधाण धरलं, तर नेहमीची ओहोटी मध्यापासून सव्वा मीटर खाली जाते, उघाडीची एक मीटर त्र्याऐंशी सेंटीमीटर. फरक अठ्ठावन्न सेंटीमीटर. दोन फूटही नाही.

माझ्या डोक्यात मैलभर मागे हटलेला समुद्र होता. दोन फूट बघून आधी मन खट्टू झालं. मग नकाशावरचं खडप आठवलं. २०० मीटरला एक मीटर असा उतार असेल, तर तेवढ्यानेही शंभर-सव्वाशे मीटर जमीन उघडी पडते. ओढीचे आकडे मी हवे तसे वाढवू शकत होते, पण आता नाही वाढवणार. कारण दुसरी गोष्ट जास्त मोलाची निघाली. १८५ ची ओहोटी दर दोन वर्षांनी येते आणि तीच चाळीस सेंटीमीटर खाली नेते. ३२ वर्षांची उघाडी तिच्याही खाली नेते ती फक्त अठरा सेंटीमीटर. जवळजवळ एक वीत.

सगळी संस्कृती या एका वितीवर उभी राहील.

५ नोव्हेंबर २०२५

त्रिपुरी पौर्णिमा. आज चंद्र वर्षातल्या सर्वांत जवळच्या अंतरावर, सुमारे ३,५७,००० किमी. सरासरी ३,८४,४०० आहे. घन केला की आजची ओढ सरासरीच्या सव्वापट येते. थोरल्याचे १२० मी अंदाजाने लिहिले होते, आपलाच चंद्र १२५ देतोय.

संध्याकाळी भाचीला घेऊन खडपावर गेले. गेल्या महिन्यात एका दगडावर पाण्याच्या काठाशी ऑइलपेंटची खूण केली होती. आज पाणी तिच्याही खाली, माझी चार बोटं आणि वर थोडं. तेवढ्या पट्टीत वेगळंच जग. वरच्या दगडावर कालवं आणि काळे शिंपले, या पट्टीत मऊ, तपकिरी, पाण्याशिवाय कोलमडलेलं शेवाळ आणि एक बोटाएवढा गुलाबी जीव, स्पर्श केला तसा मिटून गेला. भाचीने विचारलं, "मावशी, हा नेहमी पाण्यातच असतो?" मी म्हटलं, बहुतेक. "मग आज त्याला पहिल्यांदा हवा लागली." ती खाली बसून त्याच्यावर ओंजळीने पाणी घालत राहिली, पाणी परत चढेपर्यंत.

त्यावरून ठरलेल्या गोष्टी अशा. शेवटच्या वितीवर प्रत्येक पिढी एकच आडवी रेघ कोरते, दुसरं काही नाही. रत्नागिरी-सिंधुदुर्गातल्या सड्यांवरची कातळशिल्पं सर्वांना दिसतात, कशेळीचा हत्ती तर पावलं टाकून मोजावा लागतो. ही रेघ मात्र बघायची तर ३२ वर्षं थांबायचं. जमिनीचे करार उघाडीपासून उघाडीपर्यंत. वय वर्षांत सांगत नाहीत, 'एक रेघ बघितलेली', 'दोन बघितलेली' असं सांगतात. तीन रेघा बघितलेलं माणूस गावात असलं तर निवाडा त्याच्या ओटीवर.

आणि वीत फसवते, हेही. हवेचा दाब एक हेक्टोपास्कल घटला की समुद्र साधारण एक सेंटीमीटर फुगतो. समुद्रात वादळी पट्टा असेल आणि वर किनाऱ्याकडे वारा, तर अठरा सेंटीमीटर सहज झाकले जातील. अशी एक हुकलेली उघाडी मी पाचव्या फेऱ्यात घातली आहे. गावाने पाप शोधलं, माणसं वाळीत टाकली. झडपेच्या चौकटीवर खुणा करणाऱ्या एका बाईने त्या आठवड्याच्या सगळ्या भरत्या-ओहोट्या मांडून दाखवलं, की पाणी दोन्ही वेळा सारखंच वर होतं. भरतीही वीतभर जास्त, ओहोटीही वीतभर कमी उतरलेली. म्हणजे चंद्र चुकला नाही, सगळा समुद्रच वर उचललेला होता. हे पान लिहिताना मी दोनदा उठून फेऱ्या मारल्या. वेळांगणातलं पहिलं खरं शास्त्रीय वाक्य त्या बाईचं आहे, आणि ते वाळीत टाकलेल्या माणसांना घरी आणतं.

१२ डिसेंबर २०२५

आभाळकर-पाणकरांचा वाद मिटवायचा होता. गलबतांनी मिटवला.

दुसऱ्या फेऱ्याचं ग्रहण वेळांगणात सकाळी आठला पडतं, दिसत नाही. पण पश्चिमेला तीन तास मागे असलेल्या बंदरात तेव्हा पहाटेचे पाच. तिथे थोरला मावळतीला टेकलेला, आणि लाल. कोकणातून झांझिबार ३४ अंश पश्चिमेला, सव्वादोन तास मागे. तिथवर आपली गलबतं वाऱ्यावर जातच होती, तेव्हा तीन तास फार ताणलेले नाहीत. खलाशी परत येऊन सांगतात, आम्ही उघाडीचं ग्रहण बघितलं. पाणकरांच्या दोरीवर घटका आधीच बांधलेली असते. एकच ग्रहण, इथे सकाळ आणि तिथे पहाट. त्या दोन घटकांच्या फरकातून पृथ्वीची गोलाई आणि बंदर किती अंश पश्चिमेला आहे ते, दोन्ही निघतं. आपल्या खऱ्या जगात इ.स. ९९७ मध्ये खगोलज्ञ अल् बिरुनीने मध्य आशियातल्या काथहून आणि अबुल वफाने बगदादहून एकाच चंद्रग्रहणाच्या वेळा टिपून दोन शहरांच्या रेखांशांतला फरक असाच काढला होता.

आभाळकरांना मग मान खाली घालावी लागत नाही. ग्रहण दर उघाडीला होतंच होतं, त्यांचा विश्वास खरा होता. ते फक्त दुसऱ्याच्या अंगणात पडत होतं.

४ जानेवारी २०२६

दोरी तयार करायला घेतली. वेळांगणात लेखी पंचांग चौथ्या फेऱ्यापर्यंत नाही, तोवर हिशेब जाळ्याच्या दोरीवर. थोरल्याच्या प्रत्येक महिन्याची एक गाठ, फेऱ्याला ४८८. उरलेल्या आठ तासांसाठी टोकाला एक सुटा धागा. तीन फेऱ्यांचे तीन धागे पिळून एक अधिक गाठ, एका दिवसाची. त्यातूनही अर्धा तास उरतो. त्याचं काय करायचं, हे त्यांना अजून सुचलेलं नाही, मलाही नाही. तीन गावांत तीन दोऱ्या, कारण साथीत एक गाव गेलं तर मोजणी तुटायला नको.

काल पौष पौर्णिमा झाली. आज सकाळपासून पायरीवर आम्ही तिघं. माझी गाठ सारखी सरकत होती. तात्यांनी जाळं विणायची सुई हातात घेऊन दाखवलं, दोरा बोटावरून घ्यायचा, मागून आणायचा आणि ओढताना खालचा पदर अंगठ्याखाली दाबून धरायचा. भाचीला दोनदा बघून आली. दुपारपर्यंत ११२ झाल्या.

जेवणानंतर तिने निळी दोरी वेगळी घेतली. ही वेळांगणची नाही म्हणाली, ही आपल्या अंगणाची. चार गाठी : १९७१, १९८९, २००७, २०२५. मधल्या दोन पांढऱ्या दोऱ्याने, कारण त्या इथे दिसल्या नाहीत. १९७१ ची तात्यांनी स्वतः मारली, चष्मा काढून, दातांनी ओढून घट्ट केली. पुढच्या दोन पुन्हा पांढऱ्या येणार, कारण खग्रास अवस्था तेव्हाही इथे दिसणार नाही, आणि मग २०७९ चा ऑक्टोबर. भाची तेव्हा चौसष्ट वर्षांची असेल. तिने टोक कापू दिलं नाही. हातभर दोरी मोकळी ठेवून ती कंपासपेटीत घालून घेतली.

उद्या ११३ पासून.